दुखणं आवरायचे मार्ग

पुनावळ्याहून मुंबई-बेंगळुरू हायवेने कात्रजच्या दिशेने निघालं की वारज्यात सिप्ला पॅलिएटिव्ह केअर सेंटर लागतं. १९९७ पासून इथे कर्करुग्णांची मोफत शुश्रूषा होते. केमो चालू असतानाही अशी सेवा घेता येते. डॉक्टरांनी हात टेकल्यावरच तिकडे वळणं म्हणजे उशीरच.

तीव्र वेदनेवर मुख्य औषध मॉर्फिन, तेही साध्या गोळीतून. व्यसन लागेल ही घरच्यांची भीती देखरेखीखाली बहुधा अनाठायी ठरते. खरा छळ बद्धकोष्ठतेचा, म्हणून पोट साफ होण्याचं औषध सोबतच देतात. २०१४ च्या कायदादुरुस्तीने मॉर्फिनच्या परवान्यांचं जंजाळ कमी केलं.

हाडांत पसरलेल्या कर्करोगाची ठणक अनेकदा रेडिएशनच्या एकाच मात्रेने उतरते. पोटात साचलेलं पाणी सुईने काढतात.