तिसऱ्या पेडलची जागा

टोयोटाची चेझर दिसायला अगदी सभ्य गाडी. चार दरवाजे, लांब बॉनेट, मागे ऐसपैस डिकी. जपानमधल्या एखाद्या कंपनीतल्या मधल्या फळीच्या अधिकाऱ्याने घ्यावी, रविवारी धुवावी आणि सोमवारी कामावर न्यावी अशी. मार्क टू, चेझर आणि क्रेस्टा ही तीन सख्खी भावंडं, आतून एकसारखीच. पण १९९६च्या सप्टेंबरमध्ये आलेल्या 'जेझेडएक्स१००' पिढीतली 'टूरर व्ही' चेझर समोर असेल आणि तिचं बॉनेट उघडलं, तर खाली १जेझेड-जीटीई निघतं. अडीच लिटरचं, एका रांगेतल्या सहा सिलिंडरचं, टर्बो लावलेलं इंजिन. त्याची ताकद २८० अश्वशक्ती सांगितली जायची, कारण त्या काळी जपानी कंपन्यांनी आपसांत ठरवून त्यापुढचा आकडा जाहीर करायचा नाही असा पायंडा पाडला होता. ताकद सगळी मागच्या चाकांना. गिअरबॉक्स दोन मिळायचे. एक चार गिअरचा ऑटोमॅटिक, दुसरा आर१५४ नावाचा पाच गिअरचा मॅन्युअल.

घरच्या वापरासाठी घेणाऱ्याने साहजिकच ऑटोमॅटिक निवडली. जपानमध्ये फक्त ऑटोमॅटिक चालवण्यापुरता वेगळा परवाना १९९१ मध्येच सुरू झाला होता आणि शहरातल्या रांगत्या वाहतुकीत क्लच दाबत बसायची हौस फारशी कुणाला नव्हती. त्या गाड्या पुढे जुन्या झाल्या, स्वस्तात विकल्या गेल्या, तरुण पोरांच्या हाती पडल्या. आणि मग हे काम सुरू झालं: ऑटोमॅटिक गिअरबॉक्स उतरवायचा आणि त्याच गाडीत मॅन्युअल बसवायचा. जपानमध्ये, न्यूझीलंडमध्ये, ऑस्ट्रेलियात, ब्रिटनमध्ये आणि गाडी पंचवीस वर्षांची झाल्यावर आयातीची मुभा मिळते म्हणून अलीकडे अमेरिकेतही ते चालू आहे.

एवढा खटाटोप कशासाठी, हा प्रश्न रास्त आहे. टोयोटाचा तो ऑटोमॅटिक गिअरबॉक्स काही वाईट नाही, उलट टिकाऊ आहे. पण इंजिन आणि त्याच्यामध्ये टॉर्क कन्व्हर्टर असतो, म्हणजे तेलाने भरलेला बंद डबा. इंजिनाच्या बाजूची पाती तेल फिरवतात, ते तेल समोरची पाती फिरवतं. दोन्हींना थेट जोडणारं, निदान जागेवरून निघताना, काहीच नसतं. म्हणून सिग्नलला गाडी गिअरमध्ये उभी राहू शकते आणि इंजिन बंद पडत नाही. निघताना हा डबा इंजिनाचा रेटा वाढवूनही देतो. मात्र त्याच गुणामुळे तो प्रत्येक झटका गिळतो. ड्रिफ्ट करणाऱ्याला नेमका तो झटका हवा असतो. वळणात शिरताना क्लच क्षणभर दाबायचा, इंजिनाचे फेरे वर जाऊ द्यायचे आणि पाय फटकन उचलायचा. मागच्या चाकांना धक्का बसतो, ती रस्त्यावरची पकड सोडतात आणि गाडी आडवी होते. केइची त्सुचिया या रेसरने ही कला डोंगरातल्या घाटरस्त्यांवरून लोकांपुढे आणली. फुकुशिमातल्या एबिसू सर्किटवर ती रुजली आणि डी१ ग्रां प्री ही तिची व्यावसायिक स्पर्धा झाली. चार दरवाज्यांची सभ्य चेझर या मैदानात फार चालली, ती लांब व्हीलबेस आणि जबर इंजिनामुळे. पण तेलाच्या डब्यातून तो धक्का पोचत नाही.

ड्रिफ्टशी काडीचाही संबंध नसलेले लोकही हे काम करून घेतात. त्यांना गाडी आपल्या हातापायाने चालवायची असते, इतकंच. मला ते कारण पुरेसं वाटतं.

आता प्रत्यक्ष कामाकडे येऊ. गाडी लिफ्टवर चढते. आधी प्रोपेलर शाफ्ट सुटतो, मग गिअरबॉक्सला तोलून धरणारा आडवा ब्रॅकेट, मग रेडिएटरपर्यंत गेलेल्या दोन बारीक नळ्या. ऑटोमॅटिकचं तेल तापतं, ते थंड करायला रेडिएटरच्या टाकीतच सोय केलेली असते. मॅन्युअलला तिची गरज नाही, त्या नळ्या बंद करायच्या. मग टॉर्क कन्व्हर्टरसकट अख्खा गिअरबॉक्स खाली उतरतो आणि इंजिनाच्या मागच्या टोकाला उरते ती फ्लेक्सप्लेट. ही पातळ पत्र्याची चकती. तिच्या कडेला स्टार्टरचे दाते, बस्स. ती काढून तिच्या जागी जाड, जड फ्लायव्हील बसवायचं, कारण क्लचची प्लेट घासायला सपाट, भक्कम पृष्ठभाग लागतो आणि कमी फेऱ्यांवर इंजिन गुळगुळीत चालायला वजनही लागतं. चकती पातळ आणि फ्लायव्हील जाड, त्यामुळे बोल्टही वेगळ्या लांबीचे. जुनेच बोल्ट आवळून वेळ मारून नेणाऱ्याच्या गाडीत ते किती आट्यांवर धरून आहेत, हे आठवलं की अंगावर काटा येतो.

त्याहून छोटी आणि त्याहून महत्त्वाची गोष्ट म्हणजे पायलट बेअरिंग. क्रँकशाफ्टच्या मागच्या टोकाला मधोमध एक खाच असते. मॅन्युअल गाडीत तिथे अंगठीएवढं बेअरिंग ठोकून बसवतात आणि गिअरबॉक्समधून पुढे आलेल्या इनपुट शाफ्टचं टोक त्यात टेकतं. ऑटोमॅटिकमध्ये असा शाफ्टच नाही, म्हणून कारखान्याने ती खाच रिकामी सोडलेली असते. इथेच घोडं अडतं. रिकामी खाच डोळ्यांना खटकत नाही, सगळं नीट जुळतं, गिअरबॉक्स चढतो, गाडी चालतेही. पण शाफ्टचं पुढचं टोक अधांतरी राहिलेलं असतं. ते थरथरतं, क्लच नीट सुटत नाही, गिअर टाकताना कुरकुर येते आणि काही दिवसांत गिअरबॉक्सच्या आतलं बेअरिंगही जातं. दुरुस्तीसाठी सगळं पुन्हा खाली उतरवायचं. काम करणारा हात जाणता आहे की नाही हे ओळखायचं असेल, तर तो या बेअरिंगबद्दल आपणहून बोलतो का, ते पाहावं.

पुढे क्लच प्लेट, प्रेशर प्लेट आणि रिलीज बेअरिंग. प्लेट अगदी मध्यावर बसवायला एक नकली शाफ्ट वापरतात, नाहीतर गिअरबॉक्स आत सरकतच नाही. मग आर१५४ स्वतः. हा आयसिन कंपनीचा गिअरबॉक्स ऐंशीच्या दशकातल्या टर्बो सुप्रातही होता, पण तिचं इंजिन वेगळं, त्यामुळे पुढचा घंटेच्या आकाराचा भाग वेगळा. नुसतं आर१५४ हे नाव बघून आणलेला गिअरबॉक्स म्हणून जुळतोच असं नाही. त्यात पहिल्या गिअरजवळची थ्रस्ट वॉशर ही त्याची जुनी दुखरी जागा. गिअरबॉक्स बाहेर आहे तोवर ती बदलून घेणं शहाणपणाचं. स्वस्त पडतो म्हणून टोयोटाचाच डब्ल्यू५८ बसवणारेही आहेत. तो मुळात टर्बो नसलेल्या इंजिनांच्या तोडीचा, टर्बोपुढे दबतो. नको तिथे केलेली काटकसर.

गाडीच्या आतलं काम मला सगळ्यात जास्त बोलकं वाटतं. डॅशबोर्डखाली पडून काम करणाऱ्या मेकॅनिकची पाठ आणि मान त्या दिवशी कामातून जाते. ऑटोमॅटिकचं रुंद ब्रेक पेडल काढायचं, अरुंद लावायचं आणि डावीकडे क्लचच्या पेडलचा सांगाडा बसवायचा. त्या पेडलमागे, इंजिन आणि केबिनमधल्या पत्र्याच्या पलीकडे, क्लचचा मास्टर सिलिंडर येतो. त्यासाठी पत्र्याला भोक हवं. आणि बऱ्याच टोयोटा गाड्यांत त्या भोकाची जागा पत्र्यावर आधीच दाबून उठवलेली असते, नाहीतर झाकणाने बुजवलेली असते. कारखान्यात पत्रा दाबणाऱ्या साच्याला पुढे कुठला गिअरबॉक्स येणार हे माहीत नसतं, तो दोन्ही गाड्यांची तयारी करून ठेवतो. विकत घेणाऱ्याने ऑटोमॅटिकवर बोट ठेवलं तेव्हा दुसरी गाडी नाहीशी झाली नाही. ती त्याच पत्र्यात राहिली.

या कामातली खरी कारागिरी मला इथे दिसते. चांगलं रूपांतर करणारा माणूस नवं काही शोधत नाही. कारखान्याने जी मॅन्युअल चेझर बनवली होती, तिचा पार्ट कॅटलॉग उघडून तो एकेक नग जमवतो: पेडल, त्याची स्प्रिंग, मास्टर सिलिंडर, खालचा स्लेव्ह सिलिंडर, त्यांच्यामधली नळी, शिफ्टरखालचं रबर, योग्य लांबीचा प्रोपेलर शाफ्ट, ब्रॅकेट, मधला कन्सोल. म्हणूनच अपघातात मागून चेपलेली मॅन्युअल गाडी सोन्याच्या भावाने जाते. तिच्यात हे सगळं जागच्या जागी असतं, अगदी चार आण्याच्या क्लिपपर्यंत. सुटे भाग वेगवेगळ्या दुकानांतून गोळा करणाऱ्याचं काम अनेकदा अशाच एका क्लिपपायी आठवडाभर खोळंबतं.

यंत्राचा भाग संपला की विजेचा. ऑटोमॅटिक गाडी पार्क किंवा न्यूट्रलमध्येच सुरू होते, त्यासाठी गिअरबॉक्सवर स्विच असतो. तो गेला की स्टार्टर फिरत नाही. घाईतला माणूस त्या दोन वायरी एकत्र पिळून टाकतो. गाडी सुरू होते, पण कुठल्याही गिअरमध्ये सुरू होते. घरासमोर गिअरमध्ये उभी केलेली गाडी कुणी सहज चावी फिरवली तर उडी मारून पुढे जाईल, आणि पुढे कोण उभं असेल ते सांगता येत नाही. नीट काम म्हणजे त्याच वायरी क्लच पेडलवरच्या स्विचला नेणं. रिव्हर्सचे दिवेही पूर्वी त्याच जुन्या स्विचवर चालायचे, ते आता नव्या गिअरबॉक्सवरच्या स्विचला जोडायचे. वेग मोजणाऱ्या सेन्सरचा सिग्नल कॉम्प्युटरपर्यंत पोचला पाहिजे. आणि खुद्द कॉम्प्युटर अजून त्या गेलेल्या गिअरबॉक्सच्या सोलेनॉइडची, म्हणजे विजेवर चालणाऱ्या झडपांची, वाट बघत असतो. ते सापडले नाहीत की डॅशबोर्डवर दिवा लावतो. मॅन्युअल गाडीचा कॉम्प्युटर आणून बसवणं हा सरळ मार्ग.

जपानमध्ये हे सगळं झाल्यावर कागदपत्रं पुरी करावी लागतात. गिअरबॉक्सचा प्रकार बदलणं ही तिथल्या नियमांत रचनेतली सुधारणा ठरते, तिची कागदोपत्री नोंद करून गाडी तपासणीला न्यायची. म्हणून तिथल्या जुन्या गाड्यांच्या जाहिरातींत रूपांतर केलेल्या गाडीपुढे ते मान्यताप्राप्त असल्याचं आवर्जून लिहिलेलं असतं. आपल्याकडे मोटार वाहन कायद्याचं ५२वं कलम कडक आहे. नोंदणीपुस्तकातले तपशील कंपनीने मूळ ठरवलेल्यांपेक्षा वेगळे होतील असा बदल करता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानेही जानेवारी २०१९ च्या निकालात उचलून धरलं. पुण्या-मुंबईत कुणाच्या डोक्यात असं काही घोळत असेल, तर पान्याला हात घालण्याआधी आरटीओत जाऊन लेखी विचारावं.

एरवी आपल्याकडे ओढ उलट्या दिशेची. २०१४ मध्ये मारुतीने सेलेरिओत एएमटी आणली आणि परवडणारी ऑटोमॅटिक घराघरांत पोचली. तिच्यात टॉर्क कन्व्हर्टर नाही. नेहमीचाच पाच गिअरचा मॅन्युअल गिअरबॉक्स, नेहमीचाच क्लच, फक्त दोन्ही हलवायला माणसाच्या हातापायाऐवजी तेलाच्या दाबावर चालणारी यंत्रणा. हेच तत्त्व त्याआधी फेरारीने कितीतरी महागड्या थाटात वापरलं होतं. तिच्या ५९९ जीटीबी गाडीत मॅन्युअल गिअरच्या फक्त ३० गाड्या निघाल्या, बाकी सगळ्यांना गिअर बदलायला स्टीअरिंगमागच्या पट्ट्या. आता अमेरिकेत हौशी धनिक त्या पट्ट्यांच्या गाड्या मॅन्युअल करून घेतात. तिथेही गिअरबॉक्स गाडीत मुळातच असतो, यंत्रणा उतरवून दांडा आणि पेडल परत द्यायचं असतं.

चेझरवाल्यांपुढे आता वेगळी अडचण आहे. चांगले आर१५४ संपत चालले आणि उरलेल्यांचे भाव चढले. त्यामुळे निस्सानच्या ३५०झेडमधला सहा गिअरचा सीडी००९ मधे जोडपट्टी घालून टोयोटाच्या इंजिनाला लावायची रीत पडली आहे. तो दणकट आहे, पुष्कळ सापडतो आणि जास्त ताकद सोसतो. पण त्यासाठी गिअरबॉक्स ज्यात बसतो त्या बोगद्याचा पत्रा ठोकावा-कापावा लागतो, शिफ्टर सरकवावा लागतो, शाफ्ट नव्याने बनवावा लागतो. शर्यतीच्या गाडीत मी त्याला नाव ठेवणार नाही. रस्त्यावरच्या मूळ रंगातल्या चेझरमध्ये मात्र मला तो खटकतो. पत्र्यावर खूण करून ठेवलेली जी दुसरी गाडी होती, ती त्यातून बाहेर येत नाही, तिसरीच कुठलीतरी येते.

टोयोटाने स्वतःही हे काम अलीकडेच केलं. २०१९ मध्ये आलेली नवी सुप्रा फक्त ऑटोमॅटिक होती. चाहत्यांनी कंपनीचा पिच्छा सोडला नाही आणि २०२२ मध्ये तिला सहा गिअरचा मॅन्युअल मिळाला. झेडएफचा आधीपासून बनत असलेला गिअरबॉक्स घेऊन तो या इंजिनासाठी बदलला, वेगळा क्लच दिला, मागच्या डिफरन्शियलचं गुणोत्तर ३.१५ वरून ३.४६ वर नेलं. एवढं झाल्यावर केबिनमध्ये तीच जुनी अडचण आली. मधला कन्सोल ऑटोमॅटिकच्या दांड्यासाठी बनलेला, त्यामुळे गिअर टाकताना हात वरच्या बटणांवर आपटण्याची भीती. इंजिनिअरांनी कन्सोलची मांडणी बदलली आणि दांड्याची मूठ आणि बटणांची पट्टी यांत ४२ मिलिमीटर जागा काढली, मुठीवरचा हात मोकळेपणाने फिरेल एवढी.