फक्त वादीचा कागद

दिवाणी दाव्याच्या वादपत्रात मिळकतीचं वर्णन, चतु:सीमा, घराण्याची वंशावळ, कुणी कुणाला कसं फसवलं ही सगळी हकिगत सांगून झाली की शेवटाकडे एक लहानसा परिच्छेद येतो: दाव्यास कारण अमुक तारखेस या कोर्टाच्या स्थळसीमेत घडले. तालुक्याच्या कोर्टात सात-अकराच्या अर्जावरचा युक्तिवाद ऐकायला बसलो की मी आधी तो परिच्छेद शोधतो. प्रतिवादीचा वकीलही तिथेच बोट ठेवून उभा असतो.

सात-अकरा म्हणजे दिवाणी प्रक्रिया संहितेतला आदेश 7, नियम 11. साक्षीपुराव्याची वाट न पाहता वादपत्र नामंजूर करण्याचा अधिकार तो कोर्टाला देतो. कारणं मोजकीच. वादपत्रातून दाव्यास कारणच दिसत नसेल. मूल्यांकन कमी दाखवलं किंवा स्टँप अपुरा लावला आणि मुदत देऊनही तो भरला नसेल. किंवा वादपत्रातल्याच मजकुरावरून दावा कायद्यानं बाधित दिसत असेल. बाकीची कारणं प्रतींची वगैरे, किरकोळ. स्टँपची भानगड पैसे भरले की मिटते. खरी झुंज होते ती मुदतीवर.

मी ऐकलेल्या एका सुनावणीत वादीनं 2011 साली स्वतः सही करून शेतजमिनीचं नोंदणीकृत खरेदीखत दिलं होतं. दावा लावला 2022 मध्ये. म्हणणं असं की ठरलेले पैसे पूर्ण मिळालेच नाहीत, म्हणून खत रद्द करा. प्रतिवादीच्या वकिलांनी पावत्या, बँकेचे उतारे, फेरफार असा गठ्ठाच आणला होता. न्यायाधीशांनी तो उघडलाही नाही. ‘कैफियतीतलं आता नको. वादपत्रात काय लिहिलंय ते सांगा.’

पक्षकाराला हे पचत नाही. वादी खोटं बोलतोय हे दाखवणारी पावती खिशात असताना कोर्ट ती बघत का नाही? पण सर्वोच्च न्यायालयानं सलीमभाई प्रकरणात 2002 साली हे स्पष्ट केलंय: या टप्प्यावर वाचायचं ते फक्त वादपत्र आणि वादीनं त्यासोबत जोडलेले कागद. म्हणून इथे प्रतिवादीला उलट्या बाजूनं बोलावं लागतं. ‘वादीचं सगळं खरं धरा साहेब, तरीही हा दावा उभा राहत नाही.’ ही शिस्त मला आवडते. ती वकिलाला दुसऱ्याचा कागद नीट वाचायला लावते.

खत रद्द करून मागायला मुदत तीन वर्षांची, आणि ती मोजायची कारण कळल्यापासून. त्यामुळे लिहिणाऱ्याचं सगळं कसब एका वाक्यात उतरतं: ‘वादीने सातबारा उतारा काढला असता सदर बाब प्रथमच समजली.’ उताऱ्याची तारीख हटकून दाव्याच्या आधीच्या काही महिन्यांतली. असलं वाक्य पाहिलं की न्यायाधीश मागची पानं उलटतात. 1977 साली न्या. कृष्ण अय्यर यांनी अरिवंदंदम प्रकरणात सांगितलं होतं की वादपत्र वरवर नव्हे, अर्थ लावून वाचा. चतुर लेखणीनं दाव्यास कारण असल्याचा आभास निर्माण केला असेल तर तो तिथेच मोडा. सर्वोच्च न्यायालयाच्याच 2020 च्या दहिबेन निकालातली जमीन सुरतची होती. खरेदीखत 2009 चं, किंमत 1,74,02,000 रुपये, तीही 36 चेकनी. विकणारे म्हणत होते की मिळाले फक्त 40,000, आणि हे सांगायला ते कोर्टात आले 2014 च्या डिसेंबरात. वादपत्र नामंजूर झालं. पैसे राहिले असतील तर ते वसूल करता येतात, तेवढ्यानं नोंदलेली खरेदी रद्द होत नाही, असंही न्यायालयानं म्हटलं.

मात्र हीच कात्री सगळीकडे चालत नाही. भावांनी परस्पर विकलेल्या वडिलोपार्जित जमिनीत हिस्सा मागणारी बहीण ‘मला आत्ता कळलं’ म्हणते, तेव्हा तिनं खतावर सही केलेली नसते. तिला केव्हा कळलं हे उलटतपासणीतच ठरायला हवं. अशा दाव्यातही सात-अकराचा अर्ज पडतोच, आणि माझ्या मते तो बहुतेक वेळा तारखा खाण्यासाठी असतो. अर्ज आला की तो आधी निकाली काढावा लागतो; ‘से’ म्हणजे वादीचं लेखी म्हणणं यायचं, मग युक्तिवाद, तोवर दावा जागच्या जागी. शिवाय पाच मागण्यांपैकी एक बाधित असली तरी तेवढीच छाटता येत नाही. नामंजूर करायचं तर वादपत्र पूर्ण, नाहीतर नाही.

त्या खरेदीखताच्या दाव्यात न्यायाधीशांनी वादीच्या वकिलांना एकच विचारलं: ‘पैसे मिळाले नाहीत हे तुमच्या अशिलाला 2011 सालीच ठाऊक होतं ना?’ उत्तर सातबाराच्या उताऱ्याकडे वळलं. पुढच्या तारखेला वादपत्र नामंजूर झालं. अशा आदेशाला कायदा हुकूमनामाच मानतो, म्हणून त्यावर अपील चालतं. अर्ज फेटाळला गेला असता तर प्रतिवादीला अपील नव्हतं, उच्च न्यायालयात पुनरीक्षणाला जावं लागलं असतं. नामंजुरीनंतर नवं वादपत्र दाखल करायला कायद्याची मनाई नाही, पण मुदतच संपलेली असेल तर त्याचा उपयोग काय? वादीच्या वकिलांनी त्याच दुपारी नकलेचा अर्ज दिला. जिल्हा न्यायालयात अपिलाला तीस दिवस मिळतात.