ज्यू तत्त्वज्ञान: हिब्रूच्या आणि सिनेगॉगच्या पलीकडे

मराठी वाचकाला ज्यू भेटतात ते साधारण तीन वाटांनी: हिटलरच्या छळछावण्या, इस्रायलच्या बातम्या आणि कोकणातले बेने इस्रायल. यांतली एकही वाट त्यांच्या तत्त्वज्ञानापर्यंत नेत नाही. त्यामुळे या विषयावर बोलताना चांगले वाचन असलेली माणसेही ऐकीव माहितीवर भिस्त ठेवतात. दोन हजार वर्षांची एक विचारपरंपरा अशी चार-दोन ठोकताळ्यांत गुंडाळली जावी याचे मला वाईट वाटते, कारण हे ठोकताळे अपुरे तर आहेतच, शिवाय बहुतेक वेळा ते वस्तुस्थितीच्या नेमके उलट आहेत.

गैरसमज: ज्यू तत्त्वज्ञ म्हणजे मार्क्स, फ्रॉइड, आइन्स्टाइन

ही नावे जन्माच्या दाखल्यावरून घेतलेली आहेत. कार्ल मार्क्सचा १८२४ साली, सहा वर्षांचा असताना, प्रोटेस्टंट पंथात बाप्तिस्मा झाला होता. फेनॉमेनॉलॉजीचा प्रवर्तक एडमंड हुसर्ल याने १८८६ मध्ये स्वतःहून ख्रिस्ती धर्म स्वीकारला. अशा माणसांच्या विचारांत ज्यू वारशाचा अंश शोधता येतो, आणि तसा शोध घेणारे अभ्यासकही आहेत. पण ज्यू तत्त्वज्ञान असे जेव्हा म्हणतात, तेव्हा विचारवंताच्या आईवडिलांपेक्षा त्याचे प्रश्न पाहायचे असतात. तोरा, म्हणजे मोझेसचा धर्मग्रंथ, ईश्वराकडून आली असेल तर बुद्धीचे काम काय उरते? ईश्वराला इच्छा असते का? आज्ञा पाळायच्या त्या त्यांना कारण आहे म्हणून की त्या आज्ञा आहेत म्हणून? हे प्रश्न तत्त्वज्ञानाची हत्यारे घेऊन ज्यांनी लढवले, ती ही परंपरा.

गैरसमज: हे सारे हिब्रूत, आपल्याच कोषात लिहिले गेले

या परंपरेतला पहिला मोठा लेखक, अलेक्झांड्रियाचा फायलो, ग्रीकमध्ये लिहीत होता. इ.स. ४० च्या सुमारास अलेक्झांड्रियातल्या ज्यूंची कैफियत घेऊन रोमला कॅलिगुला बादशहाकडे गेलेल्या शिष्टमंडळाचा तो प्रमुख होता. मोझेसचा ग्रंथ आणि प्लेटोचे विचार एकमेकांच्या प्रकाशात वाचण्याचा पहिला भरीव प्रयत्न त्याचा. त्याचे ग्रंथ जपले ते ख्रिस्ती धर्मपंडितांनी. ज्यू जगाला त्याचा जवळजवळ विसर पडला होता. सोळाव्या शतकात इटलीतल्या अझारिया देई रोस्सी याने त्याला पुन्हा ज्यू वाचकांसमोर आणले.

मधल्या काळात या तत्त्वज्ञानाची भाषा झाली अरबी. सादिया गाओन इजिप्तमधल्या फय्यूमचा. पुढे तो बाबिलोनियातल्या सूरा इथल्या विद्यापीठाचा प्रमुख झाला. श्रद्धा आणि मते या विषयावरचा आपला ग्रंथ त्याने ९३३ साली अरबीत पुरा केला. त्याची मांडणी त्या काळच्या कलाम, म्हणजे मुस्लिम धर्मतत्त्वचर्चा, करणाऱ्या पंडितांच्या वळणाची आहे. बगदादच्या चर्चांत मुसलमान, ख्रिस्ती, ज्यू आणि नास्तिकही एकमेकांचे युक्तिवाद खोडत होते, आणि सादियाचे लेखन त्या चर्चांतूनच उगवलेले आहे.

एका लेखकाची गोष्ट मात्र सावकाश सांगायला हवी. अकराव्या शतकात स्पेनमधल्या मालागा इथे जन्मलेला श्लोमो इब्न गाबिरोल हा हिब्रूतला श्रेष्ठ कवी. त्याच्या प्रार्थना आजही सिनेगॉगमध्ये म्हटल्या जातात. तत्त्वज्ञान मात्र त्याने अरबीत लिहिले. ‘जीवनाचा झरा’ हा त्याचा ग्रंथ म्हणजे गुरुशिष्यांचा संवाद, आणि त्यात बायबलमधले एकही वचन नाही. ईश्वराखेरीज जे जे काही आहे ते सर्व, अगदी देवदूत आणि आत्मेसुद्धा, द्रव्य आणि आकार यांचे बनलेले आहे, हा त्याचा सिद्धान्त. बाराव्या शतकात टोलेडोमध्ये त्याचे लॅटिन भाषांतर झाले आणि लेखकाचे नाव ‘आविसेब्रॉन’ असे होऊन बसले. मूळ अरबी ग्रंथ पुढे हरवला. युरोपातल्या विद्यापीठांत आविसेब्रॉनवर खडाजंगी चाले. थॉमस अक्वायनसने त्याचे खंडन केले, कित्येक फ्रान्सिस्कन पंडितांनी त्याची बाजू घेतली. कोणी त्याला मुसलमान समजे, कोणी ख्रिस्ती. सात शतके अशीच गेली. मग पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयात पौर्वात्य हस्तलिखितांवर काम करणाऱ्या सालोमन मुंकच्या हाती तेराव्या शतकातल्या शेम टोव्ह इब्न फालाकेरा याने केलेले एक हिब्रू सारलेखन आले. ते लॅटिन ग्रंथाशी ताडून पाहिल्यावर त्याच्या लक्षात आले की आविसेब्रॉन म्हणजेच कवी इब्न गाबिरोल. हे १८४६ साली जाहीर झाले. म्हणजे जो ग्रंथ कधी मुसलमानाचा तर कधी ख्रिस्ती माणसाचा म्हणून ख्रिस्ती युरोप शतकानुशतके वाचत होता, तो एका ज्यू कवीचा होता. या तत्त्वज्ञानाला कोंडलेले, एकलकोंडे म्हणणाऱ्याने ही एवढी हकीगत लक्षात घेतली तरी पुरे.

गैरसमज: ज्यू धर्म म्हणजे नियमांचे बाड, बुद्धीला तिथे जागा नाही

या समजुतीला उत्तर म्हणून एकच माणूस पुढे करायचा तर तो मोशे बेन मायमोन, म्हणजे मायमॉनिडीज. जन्म ११३८च्या सुमारास कॉर्डोव्हात, मृत्यू १२०४ मध्ये इजिप्तच्या फुस्तातमध्ये. अलमोहाद राजवटीच्या जाचामुळे कुटुंब स्पेन सोडून आधी मोरोक्कोत फेझला आणि शेवटी इजिप्तला गेले. नियमांचे चौदा भागांतले संहितीकरण त्यानेच केले, आणि अरबी भाषेत पण हिब्रू लिपीत ‘संभ्रमितांसाठी मार्गदर्शक’ हा तत्त्वज्ञानाचा ग्रंथही त्यानेच लिहिला. नियम आणि तर्क एकाच हाताने लिहिले गेले आहेत.

त्याच्या आयुष्याला भारताचा धागा आहे, आणि तो दुःखाचा आहे. घर चाले धाकटा भाऊ डेव्हिड याच्या व्यापारावर. लाल समुद्रावरच्या ऐधाब बंदरातून डेव्हिडने लिहिलेले पत्र कैरोच्या जुन्या सिनेगॉगमधल्या गेनिझात, म्हणजे जीर्ण कागदांच्या कोठारात, सापडले. बंदरात निळीशिवाय घेण्याजोगा माल नाही, म्हणून आपण जहाजाने पुढे भारताकडे निघतो आहोत, असे त्याने कळवले आहे. पुढे एका सफरीत हिंदी महासागरात तो बुडाला. घरचा आणि इतरांचा पैसाही गेला, मागे विधवा आणि लहान मुलगी राहिली. मायमॉनिडीज सुमारे वर्षभर अंथरुणाला खिळला होता. त्यानंतर वैद्यकी हेच त्याच्या उपजीविकेचे साधन झाले.

त्या वैद्यकीत दिवस कसा जाई, हे त्याने आपल्या हिब्रू भाषांतरकाराला, श्मुएल इब्न टिबोनला, ११९९ साली लिहिलेल्या पत्रात सांगितले आहे. तो राहायला फुस्तातला, दरबार कैरोत. रोज भल्या सकाळी तिकडे जायचे. कोणी आजारी असेल तर दिवसाचा बराच भाग तिथेच. दुपारनंतर घरी परतावे तर बाहेरची खोली रुग्णांनी भरलेली: ज्यू आणि इतर, थोर आणि सामान्य. जनावरावरून उतरून हात धुवायचे, त्यांची क्षमा मागून दोन घास खायचे आणि मग रात्रीपर्यंत तपासणी. शेवटी शेवटी थकव्याने आडवे पडूनच औषध सांगायची वेळ येई. भेटायला आलास तरी माझा तासभरही एकट्याला मिळणार नाही, असे त्याचे भाषांतरकाराला सांगणे होते. ‘संभ्रमितांसाठी मार्गदर्शक’ हा ग्रंथ अशा माणसाने लिहिला, आणि अलेप्पोला गेलेल्या एका शिष्याला तो प्रकरणाप्रकरणाने पाठवत राहिला. त्याच्या हस्ताक्षरातले कच्चे मसुदेही गेनिझात मिळाले आहेत.

त्याचे धाडस पाहण्याजोगे आहे. बायबल ईश्वराच्या हाताविषयी, डोळ्यांविषयी, क्रोधाविषयी बोलते. मायमॉनिडीज म्हणतो की ही सारी रूपके आहेत, ईश्वराला शरीर मानणे हीच मोठी चूक. ईश्वर काय नाही एवढेच खात्रीने सांगता येते. (वाचकाला इथे उपनिषदे आठवतील. साम्य आहेच, पण दोहोंत थेट देवघेव झाल्याचा पुरावा नाही. ते साम्य म्हणूनच ठेवावे.) जग अनादी आहे की निर्माण झाले, या वादात तर तो आणखी पुढे जातो. धर्मग्रंथात निर्मिती सांगितली आहे एवढ्यावरून मी ॲरिस्टॉटलला नाकारत नाही, असे तो म्हणतो. जगाचे अनादित्व खरोखर सिद्ध झाले असते, तर ती वचने निराळ्या अर्थाने लावता आली असती. ते सिद्ध झालेले नाही, हे त्याचे म्हणणे. फलज्योतिषाविषयी दक्षिण फ्रान्सच्या पंडितांनी विचारले, तेव्हा ते शास्त्रच नव्हे असे त्याने सडेतोड कळवले.

भारतातल्या ज्यूंचा उल्लेखही त्याच्या एका पत्रात येतो. त्यांना तोरा ठाऊक नाही. ते शब्बाथ पाळतात आणि आठव्या दिवशी सुंता करतात, एवढेच तो सांगतो. शनिवारी घाणा बंद ठेवणारे कोकणातले शनवार तेली, म्हणजेच बेने इस्रायल, यांच्याविषयी हे असावे असे काही अभ्यासक मानतात.

याच गैरसमजाची दुसरी बाजूही सांगायला हवी. बुद्धीला जागा मिळाली ती भांडून मिळाली. मायमॉनिडीजच्या ग्रंथांवरून प्रोव्हान्स आणि स्पेनमध्ये त्याच्या मागे शंभर वर्षे वाद धुमसला. १३०५ साली बार्सिलोनाचा थोर धर्मशास्त्री श्लोमो बेन आद्रेत याने पंचवीस वर्षांखालील तरुणांना ग्रीक तत्त्वज्ञान शिकण्यास पन्नास वर्षे बंदी घातली; वैद्यक तेवढे वगळले. कवी येदाया हा-पेनिनी याने त्याला तत्त्वज्ञानाच्या समर्थनार्थ पत्र लिहिले. पुढच्याच वर्षी फ्रान्सच्या राजाने सगळ्या ज्यूंना देशाबाहेर काढले, आणि वाद घालणारेच देशोधडीला लागले. शंभर वर्षांनी हास्दाइ क्रेस्कास याने ॲरिस्टॉटलवर टीका केली ती बंदी घालून नव्हे, युक्तिवादाने: पोकळी असू शकते, अनंतही असू शकते. १३९१च्या बार्सिलोनातल्या कत्तलीत त्याचा मुलगा मारला गेला होता. तरीही त्याने लिहिले. या परंपरेत मला सर्वांत आदर वाटतो तो याच माणसाविषयी.

गैरसमज: कब्बाला म्हणजेच ज्यू तत्त्वज्ञान

नाही. कब्बाला ही गूढवादी परंपरा आहे. तिचा मुख्य ग्रंथ झोहार तेराव्या शतकाच्या अखेरीस स्पेनमध्ये पुढे आला. तत्त्वज्ञांचा ईश्वर फार दूरचा, कोरडा झाला, अशी तक्रार कब्बालाच्या वाढीमागे काही अंशी होती. दोन्ही प्रवाहांनी एकमेकांकडून घेतले, हे खरे; दोन्ही एकच, हे खरे नाही. कब्बालाच्या नावाने मिळणारा लाल धागा आणि ताईत यांचा तर तत्त्वज्ञानाशी काडीचाही संबंध नाही.

गैरसमज: ‘ईश्वर नाही’ असे पुस्तक लिहिल्यामुळे ज्यूंनी स्पिनोझाला हाकलले

घटना आणि पुस्तक यांचा क्रम इथे उलटा झाला आहे. ॲमस्टरडॅमच्या पोर्तुगीज ज्यू समाजाने स्पिनोझावर बहिष्कार टाकला २७ जुलै १६५६ रोजी. तेव्हा तो तेवीस वर्षांचा होता, भावासोबत वडिलांचा व्यापार पाहत होता आणि त्याची एक ओळही छापली गेली नव्हती. ठरावात ‘भयंकर पाखंड’ आणि ‘राक्षसी कृत्ये’ यांचा उल्लेख आहे, पण ती कोणती हे लिहिलेले नाही. असे बहिष्कार त्या समाजात इतरांवरही पडत, बहुतेक मागेही घेतले जात. स्पिनोझावरचा कडक होता आणि त्याने परतण्याची खटपट केली नाही. ख्रिस्तीही तो झाला नाही.

त्याचा धर्म आणि राज्य यांवरचा ग्रंथ निघाला १६७० मध्ये, निनावी आणि खोट्या प्रकाशनस्थळासह. त्यावर १६७४ साली बंदी घातली ती हॉलंडच्या ख्रिस्ती सत्तेने, आणि १६७९ मध्ये रोमने त्याला आपल्या निषिद्ध ग्रंथांच्या यादीत टाकले. ‘एथिक्स’ तर तो वारल्यावर, १६७७ साली बाहेर आले. त्यात ईश्वर नाकारलेला नाही. ईश्वर आणि निसर्ग एकच आहेत असे प्रतिपादन आहे. ज्या मायमॉनिडीजवर तो टीका करतो त्याला त्याने बारकाईने वाचले होते, आणि क्रेस्कासचा उल्लेख त्याच्या पत्रात आदराने येतो. समाजाने त्याला बाहेर काढले खरे, पण त्याच्या ग्रंथांतला वाद त्याच परंपरेशी चालू राहिला.

गैरसमज: स्पिनोझानंतर ही परंपरा आटली

चौदा वर्षांचा मोझेस मेंडेल्सझोन १७४३ साली डेसाऊहून बर्लिनला आला. १७६३ मध्ये बर्लिन अकादमीच्या निबंधस्पर्धेत पहिले पारितोषिक त्याला मिळाले. दुसऱ्या क्रमांकावर होता इमान्युएल कान्ट. १७८३च्या ‘जेरुसलेम’ या पुस्तकात त्याने मांडले की श्रद्धेची सक्ती ना राज्याने करावी ना धर्मसंस्थेने. फ्रान्झ रोझेन्झ्वाइग १९१८ साली बाल्कन आघाडीवर सैनिक होता. त्याच्या मुख्य ग्रंथाचे पहिले खर्डे त्याने तिथून पोस्टकार्डांवर आईला धाडले. लिथुआनियातला एमान्युएल लेव्हिनास दुसऱ्या महायुद्धात जर्मनांच्या कैदेत राहिला, त्याच्या घरचे मारले गेले, आणि १९६१ साली त्याने समोरच्या माणसाच्या चेहऱ्यातून नीती सुरू होते असे सांगणारा ग्रंथ लिहिला.

या परंपरेचा एक टोकाचा क्षण महाराष्ट्राशी जोडलेला आहे. २० नोव्हेंबर १९३८ रोजी, जर्मनीभर सिनेगॉग जाळले गेल्याला दोन आठवडेही झाले नव्हते, तेव्हा गांधीजींनी वर्ध्याजवळच्या सेगावात, म्हणजे आजच्या सेवाग्रामात, ज्यूंवर एक लेख लिहिला. तो ‘हरिजन’मध्ये छापून आला. जर्मन ज्यूंनी सत्याग्रह करावा, असा सल्ला त्यात होता; पॅलेस्टाइन अरबांचे आहे, असे मतही होते. गांधीजींविषयी मनापासून आदर असणारे ज्यू तत्त्वज्ञ मार्टिन बूबर त्याच वर्षी जर्मनी सोडून जेरुसलेमला आले होते. २४ फेब्रुवारी १९३९ रोजी त्यांनी गांधीजींना दीर्घ पत्र लिहिले. दक्षिण आफ्रिकेतले हिंदी आणि छळछावण्यांतले ज्यू यांची तुलना होत नाही, कारण जिथे साक्षीच पुसली जाते तिथे हौतात्म्य कोणाला दिसणार, हा त्यांचा मुद्दा. त्या भूमीवर दोन्ही समाजांचे हक्क आहेत आणि त्यांचा मेळ घातला पाहिजे, हा दुसरा. गांधीजींचे उत्तर आल्याची नोंद नाही. पत्र त्यांच्यापर्यंत पोचले नसावे, असे मानले जाते.

लेख आणि पत्र दोन्ही छापील मिळतात. ज्यू तत्त्वज्ञानाशी ओळख करून घ्यायची असेल, तर ही दोन आधी वाचा, एकापाठोपाठ, आणि कोणाचीही बाजू घेण्याची घाई करू नका.