मीठ काकू चाखतात

मिरजेच्या एका जुन्या गल्लीत समोरासमोर दोन घरं आहेत. एका ओट्यावर तुळशीवृंदावन, दुसऱ्यावर कडा फुटलेल्या प्लास्टिकच्या बादलीत पानओवा. रमजानमध्ये असरची नमाज झाली की दुसऱ्या घरातली सून ओट्यावर येते आणि पंधरा-वीस पानं खुडून आत नेते. दस्तरखानावर खजूर, कलिंगड, चणे सगळं असलं तरी ओव्याच्या पानांची भजी नसली, तर या घरात रोजा सुटल्यासारखा वाटत नाही.

ओव्याची पानं म्हणतात, पण डब्यात दाणे असतात त्या ओव्याची ही पानं नव्हेत. ओवा कोथिंबीर, जिरे, शेपूच्या कुळातला. पानओवा तुळशी आणि पुदिन्याच्या. वास मात्र सख्ख्या भावंडांचा. ओव्यात थायमॉल, तर पानओव्यात त्याचंच भावंड कार्व्हाक्रॉल. त्यामुळे वाण्याकडचा ओवा पेरून या जाड, लवदार पानांची वाट पाहणारे फसतात. नावांचा घोळ परदेशातही आहेच. तिकडे विकल्या जाणाऱ्या ओव्याच्या पाकिटावर पुष्कळदा ‘लव्हेज’ छापलेलं असतं, आणि लव्हेज ही युरोपातल्या परसातली, सेलरीसारख्या वासाची तिसरीच वनस्पती. पानओव्याला बी पेरावं लागत नाही. वीतभर फांदी मातीत खोचली की झालं.

या बादलीतली फांदी समोरच्या काकूंची. थोरला मुलगा शाळेत जायला लागला आणि खोकला घेऊन आला, तेव्हा पानाचा रस मधातून द्या म्हणून काकूंनी ती आणून दिली. खोकला आला तसा गेला, झाड राहिलं. काकूंचं माहेर बेळगावकडचं. तिकडे याला दोड्डपत्रे म्हणतात आणि त्याची तंबुळी करतात: पानं, जिरे, मिरे तुपावर परतून ओल्या खोबऱ्याबरोबर वाटायची आणि ताकात कालवायची. उन्हाळ्यातल्या सहरीला ती भाताबरोबर फार बरी पडते. भजी मात्र सासूबाईंची.

रमजान चांद्रवर्षाने चालतो, दर वर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे सरकतो. २०३० साली तर जानेवारीत एक आणि डिसेंबरअखेर दुसरा, असे दोन रमजान सुरू होतील. त्यामुळे पान दर वेळी वेगळं भेटतं. २०१३ साली रमजान जुलैत होता, तेव्हा पानं तळहाताएवढी आणि पाणीदार झाली होती. मार्चच्या उन्हात ती लहान, जाड आणि वासाला जहाल होतात. अशा वेळी भजीसाठी शेंड्याकडची कोवळी पानं घ्यावीत, आणि बादलीत पाणी जपून घालावं. हे झाड तहानेपेक्षा पाण्यानेच लवकर मरतं.

पानं धुऊन फडक्यावर कोरडी करावी लागतात, नाहीतर तेल अंगावर येतं. वाटीभर बेसन, दोन चमचे तांदळाचं पीठ, हळद, तिखट, जिरे. पिठात वेगळा ओवा घालायचा नाही. पान असताना तो कशाला? पान देठाला धरून बुडवायचं आणि मध्यम आचेवर तळायचं. रसाळ पान असल्याने भजी पाच-सात मिनिटांत मऊ पडतात, म्हणून ती अगदी शेवटी, मगरिबच्या अजानच्या तोंडावर तळायची.

राहिलं मीठ. तळणाऱ्या दोघींनाही रोजा. हनफी फिकहप्रमाणे विनाकारण काही चाखणं मकरूह आहे. गरज असेल तर जिभेच्या टोकाला लावून थुंकून टाकलं आणि घशाखाली काही गेलं नाही, तर रोजा मोडत नाही. मिठावरून नवरा घर डोक्यावर घेणारा असेल तर बायकोला ही सवलत आहे, असं जुन्या किताबांत चक्क लिहिलेलं आहे. सासूबाईंना पटत नाही. मुलांना विचारावं तर त्यांना भजी कशीही झाली तरी गोडच. म्हणून एका संध्याकाळी हाक गेली, “काकू, जरा मीठ बघता का?” तेव्हापासून काकू येतात. पहिलं भजं फुंकर मारत खातात आणि “चिमूटभर घाला” किंवा “बस, बरोबर आहे” म्हणतात.

गेल्या रमजानमध्ये चौथ्या-पाचव्या दिवशी लक्षात आलं की भजी रोज अळणी होताहेत. घरात कुणी काही बोललं नाही. धाकट्याने गुपचूप मिठाची बरणी जवळ ओढली. काकूंना ब्लडप्रेशरची गोळी सुरू झाली होती, डॉक्टरांनी मीठ कमी करायला सांगितलं होतं. जिभेला कमी मिठाची सवय लागली की नेहमीचंही खारट लागतं.

सून म्हणाली, काकूंना काही कळू द्यायला नको, त्या गेल्या की मीठ वाढवू. सासूबाई तयार होईनात. रोजा ठेवून रोज त्यांच्याशी लपवाछपवी करायची? मग बोलावणंच बंद करायचं का, तर त्यालाही दोघी तयार नव्हत्या. त्याहून वाईट म्हणजे, आपण बोलावतो म्हणून काकू पथ्य असताना रोज तळलेलं खातात, हे इतके दिवस दोघींच्या डोक्यातच आलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सुनेनेच विषय काढला. “काकू, तुमची भजी आधी काढते, कमी मिठाची. आमच्यात नंतर थोडं मीठ घालीन.”

काकू क्षणभर गप्प झाल्या. “म्हणजे मी नापास?”

“नाही हो. माप तुमचंच. त्याच्यावर आमचं अर्धा चमचा.”

यंदाही अजानच्या पाव तास आधी काकू गल्ली ओलांडून येतात. आता एकच भजं खातात, दुसरं घेत नाहीत. पदराला बोटं पुसतात आणि सुनेला म्हणतात, “बरोबर आहे. आता घाल तुमचा अर्धा चमचा.”