विमानतळ जिल्ह्याजिल्ह्यांत, पण मुंबईत उतरायचे कुठे?

कुर्ला, जरीमरी, साकीनाका, घाटकोपर या भागांतल्या आमच्या वाचकांना विमानाचे कौतुक राहिलेले नाही. पत्र्यावरून विमान जाऊ लागले की बोलणे थांबवायचे, ते गेले की पुढे बोलायचे, ही तिथली रोजची रीत. पण ही विमाने इतकी पाठोपाठ का येतात, आणि कधी कधी खाली न उतरता घिरट्या का घालत राहतात, हे फारसे कोणी सांगत नाही. हा श्रीमंतांचा प्रश्न म्हणून आपण सोडून देतो. आम्हाला तसे वाटत नाही.

मुंबईच्या विमानतळावर धावपट्ट्या दोन आहेत, पण त्या कात्रीच्या पात्यांसारख्या एकमेकींना छेदतात. एकीवर विमान असेल तर दुसरी मोकळी ठेवावी लागते. म्हणजे नावाला दोन, कामाला एक. त्या एकीवरून गर्दीच्या तासात ४६ विमाने चढत-उतरत होती. दर ७८ सेकंदांना एक! एखादे विमान धावपट्टीवर थोडे रेंगाळले की मागची सगळी रांग अडते. रस्त्यावर लाल दिवा दाखवून गाडी थांबवता येते, विमानाला मात्र हवेत फिरतच ठेवावे लागते. फेब्रुवारी २०२४ मध्ये केंद्र सरकारनेच सांगितले, की मुंबईवर विमाने ४० ते ६० मिनिटे घिरट्या घालतात आणि ४० मिनिटांत एका विमानाचे सुमारे १,७०० लिटर इंधन जळते. त्या वेळी गर्दीच्या तासांची मर्यादा ४६ वरून ४४ वर आणण्यात आली.

धावपट्टीवरच्या अशा ठरवून दिलेल्या वेळेला ‘स्लॉट’ म्हणतात. खरा मामला इथेच आहे. ज्या कंपनीकडे स्लॉट आहे, तिने हंगामात त्यातला किमान ८० टक्के वापरला की पुढच्या वर्षी तो तिच्याकडेच राहतो. नव्याने येणाऱ्याला उरलेसुरले. आता असे पहा, की ७० माणसांचे पंख्याचे छोटे विमान आणि दोनशे माणसांचे मोठे विमान, दोघांनाही धावपट्टी सारखीच अडवावी लागते. उलट मोठ्या विमानामागे हवेचे भोवरे उठतात म्हणून छोट्याला जास्त अंतर ठेवून यावे लागते. मग मोक्याचा स्लॉट कंपनी दिल्लीला देईल की नांदेडला? हिशेब सरळ आहे.

जिल्ह्याच्या विमानतळांची गोची होते ती यामुळे. ‘उडान’ योजनेत एप्रिल २०१७ मध्ये ज्या पहिल्या फेऱ्या सुटल्या, त्यांत नांदेड–हैदराबादही होती. पुढे सिंधुदुर्गचा विमानतळ २०२१ मध्ये सुरू झाला, अमरावतीचा एप्रिल २०२५ मध्ये. फिती कापल्या, भाषणे झाली. पण ‘कॅग’ने २०२३ च्या अहवालात योजनेच्या पहिल्या तीन टप्प्यांचा हिशेब मांडला, तो वाचण्यासारखा आहे. मंजूर मार्ग ७७४. त्यांतले ४०३ सुरूच झाले नाहीत. सुरू झालेल्यांपैकी फक्त ११२ मार्गांनी तीन वर्षांची मुदत पुरी केली, आणि मुदतीनंतर मार्च २०२३ पर्यंत टिकले अवघे ५४. कारणे अनेक आहेत, पण मोठ्या शहरात स्लॉट न मिळणे हे त्यांतले एक. एस.टी.चा नवा थांबा बांधायचा आणि डेपोत गाडी लावायला फलाटच ठेवायचा नाही, असा हा प्रकार.

मुंबईची कोंडी फोडण्यासाठी नवी मुंबईचा विमानतळ झाला. फेब्रुवारी २०१८ मध्ये पायाभरणी, ऑक्टोबर २०२५ मध्ये उद्घाटन, २५ डिसेंबर २०२५ पासून प्रवासी वाहतूक. १,१६० हेक्टर जागा, पहिल्या टप्प्यात एक धावपट्टी. पुढची तिला समांतर असेल, म्हणजे दोन्हींवर एकाच वेळी विमाने उतरू शकतील. मुंबईत जे चुकले ते इथे सुधारले, हे मान्य केले पाहिजे. पण त्यासाठी दहा गावे उठली, उलव्याची टेकडी कापली, नदीचे पात्र वळवले. सातबारा ज्याच्या नावावर, त्याला साडेबावीस टक्के विकसित भूखंड मिळाला. ती मिळकतही फुकटची नव्हे. १९८४ साली याच पट्ट्यात पाच शेतकरी गोळीबारात गेले, त्या लढ्यातून प्रकल्पग्रस्तांचा हक्क उभा राहिला. पण दुसऱ्याच्या शेतावर राबणाऱ्याच्या हाती सातबारा नसतो, मग त्याने काय दाखवायचे? पुरंदरच्या सात गावांत आज विमानतळाच्या भूसंपादनावरून वाद पेटला आहे. तिथेही हा प्रश्न आम्हाला विचारावासा वाटतो.

सगळे मुंबईतूनच गेले पाहिजे, असे तरी कुठे आहे? १९४९ साली सुरू झालेल्या रात्रीच्या टपाल सेवेत मुंबई, दिल्ली, कलकत्ता आणि मद्रास इथून निघालेली विमाने रात्री नागपूरला जमत, थैल्यांची अदलाबदल करत आणि पहाटेपर्यंत परत फिरत. देशाच्या मध्यावरच्या त्या विमानतळाला आज डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव आहे. जिल्ह्यांच्या फेऱ्या नागपूर आणि नवी मुंबईला जोडा, नव्या धावपट्टीवरचे काही स्लॉट छोट्या विमानांसाठी आधीच राखून ठेवा, एवढेच आमचे मागणे आहे. भरल्या ताटातून मागून काढून घेणे कठीण जाते.

मुलांच्या शिक्षणाकडे लक्ष असलेल्या आई-वडिलांसाठी आणखी एक गोष्ट. मुंबईचा विमानतळ २००६ साली खाजगी हाती गेला, त्या कंपनीच्या नोकऱ्यांना आरक्षण नाही. पण विमाने चढवण्या-उतरवण्याचे नियंत्रण अजून भारतीय विमानतळ प्राधिकरणाकडे, म्हणजे केंद्र सरकारच्या उपक्रमाकडे आहे. नियंत्रकाच्या पदासाठी भौतिकशास्त्र व गणित घेऊन बी.एस्सी. किंवा अभियांत्रिकीची पदवी लागते. वयाची अट २७ वर्षे, अनुसूचित जातींना पाच वर्षांची सवलत. परीक्षा होते, आवाजाची चाचणीही होते. धर्मांतरित बौद्धांना केंद्राच्या या सवलती १९९० च्या दुरुस्तीने खुल्या झाल्या. जातीचा दाखला मात्र केंद्राच्या नमुन्यातला लागतो. जाहिरात निघाल्यावर तहसील कचेरीत धावाधाव करण्यापेक्षा मुलगी किंवा मुलगा बी.एस्सी.च्या पहिल्या वर्षाला असतानाच तो काढून ठेवावा.