बदामीचा कडा वाचताना

बदामीला लोक लेणी बघायला जातात, आणि जावेच. पण इ.स. 578 चा शिलालेख असलेले तिसरे लेणे पाहून झाले की मूर्तींवरची नजर काढून बाजूच्या कोऱ्या दगडाकडे वळवावी. तांबूस वालुकाश्मात तिरप्या, बारीक रेघा दिसतात. त्या वरच्या टोकाला सपाट छाटल्यासारख्या तुटतात आणि तिथून रेघांचा नवा जुडगा सुरू होतो. छिन्नी लागण्याच्या कितीतरी आधी नदीने त्या ओढल्या आहेत.

वाहते पाणी तळाच्या वाळूचे उंचवटे करते. प्रवाहाच्या बाजूचा उतार मंद, पलीकडचा उभा. कण मंद उतारावरून ढकलत माथ्यावर येतात आणि उभ्या बाजूने घसरतात. प्रत्येक घसरणीचा एक तिरपा पापुद्रा उरतो, म्हणून पापुद्रे ज्या दिशेला उतरतात तिकडेच पाणी वाहत होते. पुढचा लोंढा माथा खरवडून नेतो आणि त्यावर नवी वाळू टाकतो. छाटलेली बाजू वरची, एवढे लक्षात ठेवले की थर उलटा झाला आहे का, हेही कळते.

ही वाळू गाडली गेली, कणांमध्ये सिलिका बसून घट्ट झाली. लाली लोहाच्या ऑक्साइडची. वय किमान 54 कोटी वर्षे. त्या काळी जमिनीवर झाड नव्हते, त्यामुळे काठ बांधून ठेवणारी मुळेही नव्हती. नद्या फाटे फोडत पसरत.

मला सर्वांत मोलाची जागा वाटते ती रामदुर्गजवळची. तिथे खालचे, आणखी जुने थर कललेले आहेत आणि त्यांच्यावर बदामीचे थर जवळजवळ आडवे बसले आहेत. म्हणजे आधी तळाशी गाळ साचला, त्याचा खडक झाला, भूकवचाच्या दाबाने तो वाकला, वर आला, झिजून सपाट झाला. त्यानंतर ही वाळू आली. दोन थरांमधल्या एका रेषेत एवढा काळ गेला आहे, आणि त्या काळाचा खडक तिथे नाही.

रॉबर्ट ब्रूस फूट यांनी 1876 मध्ये या भागाचा भूवैज्ञानिक अहवाल लिहिला, तो ‘दक्षिण मराठा मुलुखा’चा म्हणून. ते नाव भूगर्भालाही शोभते: कलादगी समूह म्हणून ओळखले जाणारे इथले हे जुने खडक सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाखालून पश्चिमेला सरकत जातात आणि जिथे वरचा काळा कातळ झिजला आहे, तिथे कोल्हापूर-सिंधुदुर्गातही उघडे पडतात.