राजांचे प्रश्न, भिक्खूंची उत्तरे आणि जुन्नरचे यवन

पाली वाङ्मयात राजे आणि भिक्खू यांच्या संवादांची मोठी परंपरा आहे. राजा प्रश्न घेऊन भिक्खूकडे जातो, आडून आडून कोंडी करू पाहतो आणि शेवटी युक्तिवादासमोर माघार घेतो किंवा निदान निरुत्तर होतो. सत्ता आणि सत्य समोरासमोर आल्यावर बोलण्याचे नियम कोणी ठरवायचे, हा या संवादांतला मूळ प्रश्न आहे.

दीघनिकायातील सामञ्ञफलसुत्तात मगधाचा राजा अजातशत्रू जीवकाच्या आमराईत बुद्धांना विचारतो, की संन्यासाचे याच जन्मी दिसणारे फळ कोणते? उत्तराची सुरुवात राजाच्याच घरातून होते. राजाचा एखादा दास श्रमण झाला, तर राजा त्याला पुन्हा कामाला जुंपेल का? अजातशत्रूला कबूल करावे लागते, की तो उलट त्याला उठून वंदन करील. पायासिसुत्तात सेतव्याचा अधिपती पायासी परलोक नाकारतो आणि पुरावा म्हणून देहदंडाच्या कैद्यांवर केलेले प्रयोग सांगतो. कुमारकस्सप त्याला एकामागून एक दृष्टांतांनी उत्तर देतो. पटूनही पायासी बराच वेळ अडून राहतो, कारण त्याचे मत इतर राजांना ठाऊक असते आणि ते सोडणे त्याला लाजिरवाणे वाटते.

मज्झिमनिकायातील मधुरसुत्तात महाकच्चान आणि मथुरेचा राजा अवंतिपुत्र यांच्यात वर्णश्रेष्ठत्वावर चर्चा होते. संपत्ती असेल तर कोणत्याही वर्णाच्या माणसाला इतर वर्णांचे चाकर मिळतात आणि चोरी केली तर राजदंड सर्वांना सारखाच, हे राजा मान्य करतो. मग भेद उरत नाही, हेही त्याला मान्य करावे लागते. संवादात भिक्खुणीही मागे नाहीत. तथागत मृत्यूनंतर असतो की नसतो, असे कोसलराज प्रसेनजित खेमा थेरीला विचारतो. गंगेच्या वाळूचे कण मोजणारा गणक आपल्याकडे आहे का, असा उलट प्रश्न करून ती त्या प्रश्नाची मर्यादा दाखवते.

या परंपरेचा कळस म्हणजे मिलिंदपञ्ह. यातला मिलिंद म्हणजे इ. स. पूर्व दुसऱ्या शतकातील ग्रीक राजा मिनँडर. त्याची राजधानी सागल म्हणजे आजचे सियालकोट, असे मानले जाते. भिक्खू नागसेन चर्चेआधी अट घालतो: राजाने पंडितांसारखा वाद करावा, राजांसारखा नव्हे. पंडितांच्या वादात मत खोडले जाते, चूक मान्य होते आणि कोणी रागावत नाही. राजांच्या वादात विरोध करणाऱ्याला दंड होतो. मिलिंद अट मान्य करतो. मग नागसेन राजाच्याच रथाचा आधार घेतो. दांडा, आस, चाके यांपैकी एकही सुटा भाग रथ नसतो. त्या सर्वांच्या जुळणीला रथ म्हणतात. तसेच ‘नागसेन’ हे केवळ व्यवहाराचे नाव असून त्यामागे कायम राहणारा आत्मा सापडत नाही.

ग्रंथ एकाच काळातला नाही. चिनी भाषांतरात त्याच्या सुरुवातीच्या भागाशीच जुळणारा मजकूर असल्याने पुढची प्रकरणे नंतर जोडली गेली, असे अभ्यासक मानतात. मिलिंद अखेरीस अर्हत झाला ही ग्रंथातली कथा आहे. इतिहास एवढेच सांगतो, की त्याच्या काही नाण्यांवर चक्र आहे आणि तो वारल्यावर नगरांनी त्याची रक्षा वाटून घेतली, असे प्लुटार्कने लिहिले आहे. पेरिप्लस या ग्रीक प्रवासग्रंथानुसार त्याची नाणी पुढे भडोचच्या बाजारातही चालत होती.

पश्चिम किनाऱ्यावरचा हा व्यापार घाटमाथ्यावर चढला की जुन्नरला येई. आज कल्याण-नगर रस्ता माळशेज घाटाने कोकणात उतरतो, तर सातवाहनकाळातली वाहतूक शेजारच्या नाणेघाटाने होई. जुन्नरभोवती शिवनेरी, मानमोडी, लेण्याद्री आणि तुळजा अशा डोंगरांत 200 हून अधिक लेणी कोरलेली आहेत. त्यांतील ब्राह्मी लेखांत तीन यवन, म्हणजे ग्रीक, दाते स्वतःचा परिचय देतात. इरिलाने पाण्याची दोन टाकी दिली, चिटाने संघासाठी भोजनमंडप, तर चंदाने चैत्यगृहाचे दर्शनी काम. हे यवन मिलिंदाचे वंशज होते असे लेखांत कुठेही नाही. मात्र ग्रीक म्हणून ओळखले जाणारे लोक बौद्ध संघाचे उपासक होते, हे ग्रंथाबाहेर शिलालेखांतही दिसते. मानमोडीवर महाक्षत्रप नहपानाचा अमात्य अयम याने 46 व्या वर्षी मंडप आणि टाके दिल्याची नोंद आहे. धान्य-व्यापाऱ्यांच्या श्रेणीचेही दान येथे आहे, आणि धम्मुत्तरीय पंथाच्या भिक्खुणींच्या विहाराचा उल्लेखही एका लेखात येतो. राज्यकर्त्यांची माणसे, व्यापारी आणि परदेशी यांना संघाशी जोडणारे व्यवहार या लेखांतून कळतात. त्यांच्यात झालेली चर्चा मात्र कोरलेली नाही, ती ग्रंथांतच शोधावी लागते.

महाराष्ट्रात मिलिंदपञ्हाचा आधुनिक प्रवासही ठळक आहे. रा. द. वाडेकर यांनी संपादित केलेली मिलिंदपञ्हाची देवनागरी आवृत्ती मुंबई विद्यापीठाने 1940 मध्ये प्रसिद्ध केली. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 1950 मध्ये औरंगाबादला, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरात, सुरू केलेल्या महाविद्यालयाला मिलिंद महाविद्यालय हे नाव मिळाले आणि त्याचा परिसर नागसेनवन म्हणून ओळखला जातो. राजा आणि भिक्खू, प्रश्न विचारणारा आणि उत्तर देणारा, अशी दोघांची नावे तिथे एकत्र नांदतात.